एका परंतुकाचा अंत

माहिती अधिकाराची चर्चा बहुधा आयुक्तांच्या रिक्त जागा आणि तुंबलेली अपिले यांभोवती फिरते. खुद्द कायद्याच्या मजकुरातून एक वाक्य गेले, याकडे मात्र पुरेसे लक्ष गेले नाही. हे वाक्य संसदेने काढण्याआधीच न्यायालयीन निकालांतून निष्प्रभ झाले होते, हे येथे दाखवायचे आहे.

२००५ च्या कायद्यातील कलम ८(१)(जे) नुसार वैयक्तिक माहिती नाकारता येई, पण सरसकट नाही. त्या माहितीचा सार्वजनिक कामाशी किंवा हिताशी संबंध नसावा, अथवा ती दिल्याने खासगीपणावर विनाकारण आक्रमण व्हावे, अशी अट होती. व्यापक जनहित असेल तर तीही देता येई. शिवाय एक परंतुक होते : संसदेला किंवा राज्य विधिमंडळाला जी माहिती नाकारता येत नाही, ती कोणत्याही व्यक्तीला नाकारता येणार नाही. लोकप्रतिनिधीला जे कळू शकते ते मतदारालाही कळावे, इतका साधा हा विचार होता.

मुंबई उच्च न्यायालयाने २००७ मध्ये या परंतुकाला पूर्ण वजन दिले. राज्याचे तत्कालीन मंत्री स्वरूपसिंह नाईक यांना वनमंत्रिपदाच्या काळातील एका प्रकरणात न्यायालयाच्या अवमानाबद्दल सर्वोच्च न्यायालयाने २००६ मध्ये एक महिन्याची शिक्षा दिली होती. त्या महिन्यातले बरेच दिवस त्यांनी जे. जे. रुग्णालयात काढले. त्या उपचारांची कागदपत्रे मागितली गेली, तेव्हा रुग्णाच्या खासगीपणाचा मुद्दा पुढे आला. असा कैदी खरोखर आजारी होता का, हे विधिमंडळ विचारू शकते. म्हणून अशा नोंदी सामान्यतः नागरिकालाही मिळाल्या पाहिजेत, अशी न्यायालयाची भूमिका होती.

पाच वर्षांनी चित्र पालटले. अकोल्याच्या भविष्य निर्वाह निधी कार्यालयात काम केलेल्या एका अधिकाऱ्याला दिलेले मेमो, कारणे दाखवा नोटिसा, शिक्षेचे आदेश आणि मालमत्तेचा तपशील एका अर्जदाराने २००८ मध्ये मागितला होता. 'देशपांडे' या नावाने ओळखल्या जाणाऱ्या या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ३ ऑक्टोबर २०१२ रोजी ही सारी माहिती वैयक्तिक ठरवली. कर्मचाऱ्याची कामगिरी हा प्रामुख्याने तो आणि त्याचा नियोक्ता यांच्यातला विषय आहे, असे कारण दिले.

अडचण याच कारणात आहे. सरकारी नोकराचा नियोक्ता शेवटी कोण? पगार जनतेच्या पैशातून जात असेल, तर त्याच्या गैरवर्तनाची चौकशी घरगुती बाब कशी ठरते? निकालात परंतुकाची चिकित्सा नाही. सार्वजनिक अभिलेख आणि अधिकाऱ्यांचे शासकीय वर्तन यांच्या बाबतीत खासगीपणाचा दावा तोकडा पडतो, हे सांगणारा १९९४ चा 'राजगोपाल' निकालही विचारात घेतलेला नाही. तरीही पुढे असंख्य अर्ज याच छोटेखानी निकालाचा हवाला देऊन फेटाळले गेले.

ऑगस्ट २०२३ मध्ये डिजिटल वैयक्तिक माहिती संरक्षण कायदा संमत झाला. त्याच्या कलम ४४(३) ने अटी, अपवाद आणि परंतुक सारेच पुसले. उरले ते 'वैयक्तिक माहिती' एवढेच. नोव्हेंबर २०२५ मध्ये ही दुरुस्ती अमलात आली.

सरकारचे उत्तर असे की, कलम ८(२) नुसार जनहितासाठी माहिती आजही देता येते. हे खरे आहे, आणि २०१७ च्या 'पुट्टस्वामी' निकालानंतर खासगीपण हलके लेखताही येणार नाही. एखाद्या कर्मचाऱ्याचा आजार किंवा घरचा कलह जगजाहीर होऊ नये, हे रास्तच. पण ते संरक्षण जुन्या तरतुदीत होतेच. बदलला आहे तो भार. पूर्वी माहितीचा सार्वजनिक कामाशी संबंध नाही, हे जन माहिती अधिकाऱ्याला दाखवावे लागे. आता जनहित मोठे आहे, हे अर्जदाराला पटवावे लागेल. मात्र अर्जाचे कारण सांगण्याचे बंधन नाही, असे कलम ६(२) म्हणते. कारण विचारायचे नाही आणि कारणाशिवाय द्यायचेही नाही, असा हा पेच आहे.

यातून मार्ग कलम १९(५) मध्ये आहे. नकार योग्य होता हे सिद्ध करण्याची जबाबदारी अपिलात अधिकाऱ्यावरच आहे, आणि ही तरतूद अजून शाबूत आहे. माहिती आयोगांनी ती कलम ८(२) सोबत वाचून प्रत्येक नकारामागे जनहिताचा लेखी विचार मागितला पाहिजे. परंतुक परत येईपर्यंत नागरिकाच्या हाती एवढेच हत्यार आहे.