न वाचलेल्या शिलापट्टिका : क्लार्क ॲश्टन स्मिथ यांचा ‘बुक ऑफ आयबॉन’

अद्भुतकथेतील कल्पित ग्रंथांचा विषय निघाला की समीक्षकांचे लक्ष प्रथम एच. पी. लव्हक्राफ्ट यांच्या ‘नेक्रोनॉमिकॉन’कडे जाते. त्याच वर्तुळातील क्लार्क ॲश्टन स्मिथ (१८९३–१९६१) यांनी निर्मिलेला ‘बुक ऑफ आयबॉन’ हा ग्रंथ त्याची छाया म्हणून एखाद्या तळटीपेत उरतो. हा क्रम अन्यायकारक आहे. लव्हक्राफ्ट यांच्या ग्रंथाचे मुख्य कार्य भय उत्पन्न करणे हे आहे. स्मिथ यांचा ग्रंथ त्याहून मूलगामी प्रश्न उपस्थित करतो. गूढज्ञान प्राप्त झाल्यावर ते जाणणारा कोणी शिल्लक राहतो काय, हा तो प्रश्न होय.

‘हायपरबोरिया’ ही स्मिथ यांची कल्पित भूमी. हिमयुगाने गिळण्यापूर्वी आजच्या ग्रीनलंडच्या परिसरात नांदणारी ही संस्कृती. तिच्या उत्तरेकडील म्हू थूलान प्रदेशात आयबॉन हा मांत्रिक राहत असे व हा ग्रंथ त्याच्या नावावर आहे. ‘वीअर्ड टेल्स’ मासिकाच्या जुलै १९३३ च्या अंकातील ‘उब्बो-साथला’ या कथेत ग्रंथाची जी ओळख येते ती संहिताशास्त्राच्या परिभाषेत येते, हे लक्षणीय आहे. मूळ लेखन लुप्त हायपरबोरियन भाषेतील. ते अनेक भाषांतरांतून उतरत आलेले. नायक पॉल ट्रेगार्डिस याच्याजवळ आहे ती मध्ययुगीन फ्रेंच प्रत. ट्रेगार्डिसने ती ‘नेक्रोनॉमिकॉन’शी पडताळून पाहिली आहे. त्या अरब ग्रंथकाराला जे ठाऊक नव्हते, अथवा जे त्याने वा त्याच्या भाषांतरकारांनी गाळले, असे बरेच काही त्याला या प्रतीत आढळते. ज्याचे एकही पान अस्तित्वात नाही अशा ग्रंथाची पाठतुलना दुसऱ्या तितक्याच काल्पनिक ग्रंथाशी केली जाते, आणि वाचकाचा विश्वास नेमका तेथेच बसतो. हस्तलिखिताची प्रामाण्यबुद्धी आशयातून नव्हे, तर प्रतींच्या परंपरेतून निर्माण होते, हे स्मिथ यांनी अचूक हेरले होते. औपचारिक शिक्षण अल्प असलेल्या, कॅलिफोर्नियातील ऑबर्नच्या परिसरात बहुतेक आयुष्य काढलेल्या या स्वयंशिक्षित लेखकाची ही जाण थक्क करणारी आहे.

ही युक्ती सर्वस्वी कथालेखकांची नव्हती. मादाम ब्लाव्हाट्स्की यांच्या ‘द सीक्रेट डॉक्ट्रिन’ (१८८८) या ग्रंथाचा आधार ‘बुक ऑफ झ्यान’ नावाचे एक अतिप्राचीन हस्तलिखित असल्याचे सांगितले गेले. पाणी, अग्नी व वायू यांचा परिणाम न होणाऱ्या ताडपत्रांचा तो संग्रह, असे त्याचे वर्णन तेथे येते. ब्लाव्हाट्स्की व कर्नल ऑल्कॉट १८७९ च्या फेब्रुवारीत मुंबईस आले आणि त्याच वर्षीच्या ऑक्टोबरपासून ‘द थिऑसॉफिस्ट’ हे मासिक मुंबईतूनच निघू लागले. त्यामुळे या विचारविश्वाशी महाराष्ट्राचा संबंध अगदीच दूरचा नाही. मानवी मूलवंशांच्या मांडणीत ब्लाव्हाट्स्की दुसऱ्या वंशाला ‘हायपरबोरियन’ म्हणतात. त्यांनी आपले हस्तलिखित सत्य म्हणून पुढे ठेवले, स्मिथ यांनी कल्पित म्हणून. लव्हक्राफ्ट यांनी मात्र ‘द हाँटर ऑफ द डार्क’ (१९३६) या कथेतील पडक्या चर्चमध्ये आयबॉन व झ्यान यांचे ग्रंथ एकाच ठिकाणी मांडून ठेवले. ही थट्टा असेल; परंतु दोन्ही ग्रंथांची बांधणी एकच आहे, असे त्या मांडणीतून आपोआप सूचित होते.

स्वतः स्मिथ यांची दैवी वाणीविषयीची भूमिका बरीच मिस्कील आहे. ‘द डोअर टू सॅटर्न’ (१९३२) या कथेत आयबॉन शनी ग्रहावर पळून जातो. तेथील देवतेच्या तोंडचे अगम्य शब्द तो ईश्वरी संदेश म्हणून जपत हिंडतो. त्यांचा अर्थ ‘आपल्या वाटेने जा’ याहून फारसा अधिक नव्हता, असे शेवटी उघड होते.

‘उब्बो-साथला’ मध्ये हा विनोद पूर्ण मावळलेला आहे. लंडनमधील एका जुन्या वस्तूंच्या दुकानात ट्रेगार्डिसला एक धुरकट स्फटिक मिळतो व त्याला ग्रंथातील एक उतारा आठवतो. झॉन मेझामालेख या मांत्रिकाजवळ असाच स्फटिक होता. त्याच्या साहाय्याने तो पृथ्वीच्या भूतकाळात उतरत गेला. पृथ्वी जन्मण्यापूर्वीच मृत झालेल्या देवांच्या ज्ञानाच्या शिलापट्टिका त्याला वाचावयाच्या होत्या. ट्रेगार्डिस स्फटिकात पाहतो, मेझामालेखशी एकरूप होतो आणि दोघांचे मिळून एकच अधोगमन सुरू होते : असंख्य मानवी जन्म, मग पशू, मग सरपटणारे जीव, अखेरीस आद्य चिखलातील आकारहीन गोळा. शिलापट्टिका तेथे खरोखरच आहेत. तो जीव त्यांच्यावरून आंधळेपणाने सरपटत निघून जातो.

भारतीय तत्त्वविचारात ज्ञाता, ज्ञेय व ज्ञान या त्रिपुटीचा लय हे परमप्राप्तीचे लक्षण मानले जाते. स्मिथ यांच्या कथेतही जाणणारा विरून जातो. परंतु ज्ञेय जागच्या जागी, कोरलेलेच राहते. त्यामुळे येथे अद्वैत घडत नाही, केवळ वाचक नाहीसा होतो. या कथेला निव्वळ भयकथा म्हणणे म्हणूनच अपुरे ठरते.

पुढील पिढीने हे ओळखले नाही. लिन कार्टर यांनी ग्रंथाचे अध्याय लिहून काढले, रॉबर्ट एम. प्राइस यांनी २००२ मध्ये ‘द बुक ऑफ आयबॉन’ या नावाने भरगच्च संकलनही सिद्ध केले. स्मिथ यांनीही ‘द कमिंग ऑफ द व्हाइट वर्म’ (१९४१) या कथेला ग्रंथाचा नववा अध्याय म्हटले होते, हा आक्षेप येथे घेतला जाईल. परंतु तो अध्याय म्हणजे एक कथा आहे; गुह्य सिद्धान्त उघड करण्याचा आव त्यात नाही. संकलनात मात्र रिकामी जागा भरण्याचा उत्साह दिसतो, आणि जी पाने हरवलेली असण्यातच अर्थ होता ती सापडू लागतात.

‘उब्बो-साथला’ च्या अखेरच्या परिच्छेदात स्मिथ पुन्हा कागदपत्रांकडे वळतात. मेझामालेखच्या नाहीसे होण्याची नोंद ‘बुक ऑफ आयबॉन’ मधील त्या त्रोटक उताऱ्यात तरी आहे. ट्रेगार्डिसच्या वाट्याला लंडनच्या काही वृत्तपत्रांतील चार ओळी येतात. त्याच्याविषयी कोणाला काही माहीत नसते आणि तो स्फटिकही कोणाला सापडत नाही.