अ‍ॅरनची माणसे आणि त्यांची वाणी

रॉबर्ट फ्लॅहर्टी (१८८४–१९५१) याची गणना अनुबोधपटाच्या आद्य प्रवर्तकांत होते. निसर्गाशी झुंजणारा चिवट मनुष्य हा त्याचा जन्मभराचा विषय होय. ‘नानूक ऑफ द नॉर्थ’ (१९२२) हा मूकपट होता. त्यात इन्युइट माणसाचे शब्द ऐकू येत नाहीत याचा बोल त्या काळच्या यंत्रसामग्रीला लावता येईल. ‘मॅन ऑफ अ‍ॅरन’ (१९३४) या बोलपटाविषयी मात्र तसे म्हणता येत नाही.

आयर्लंडच्या पश्चिम किनाऱ्याजवळील अ‍ॅरन बेटांवर खडक उदंड आणि माती दुर्मिळ. भेगांतून मूठमूठ माती खरवडावयाची, समुद्रशैवाल पाठीवर वाहून आणावयाचे आणि उघड्या खडकावर बटाट्याचे वाफे सिद्ध करावयाचे, हा या चित्रपटातील भाग अविस्मरणीय आहे. मानवी चिवटपणाचे इतके निःशब्द व समर्थ चित्रण क्वचितच आढळेल. मुशीची शिकार बेटावर कित्येक दशकांपूर्वीच बंद पडली होती व ती तेथील लोकांना नव्याने शिकवावी लागली, पडद्यावरील कुटुंब हे वस्तुतः कुटुंबच नव्हते, हे आक्षेप सर्वश्रुत आहेत व खरेही आहेत. परंतु त्यांच्या गदारोळात अधिक मूलगामी प्रश्न बाजूस राहिला, असे प्रस्तुत लेखकास वाटते.

अ‍ॅरनवासीयांची मातृभाषा आयरिश. चित्रपटात ते बोलतात ते प्रायः इंग्रजी, तेही मागाहून लंडनमध्ये ध्वनिमुद्रित केलेले. वाक्ये तुटक, बहुतेक केवळ हाका आणि आरोळ्या. परदेशी प्रेक्षकाला आयरिश कळली नसती, हे समर्थन टिकत नाही. कारण लाटांच्या गर्जनेत हे इंग्रजीही धड कळत नाही. अर्थबोध हा येथे निकषच नव्हता. मनुष्याची वाणी ही वाऱ्याप्रमाणे आणखी एक ध्वनी, एवढेच तिचे स्थान दिग्दर्शकाने मानले. समुद्राशी शतकानुशतके झुंजलेल्या या लोकांनी इंग्रजीच्या रेट्यापुढे आपली भाषाही टिकवून धरली होती. त्या झुंजीची दखल हा चित्रपट घेत नाही.

आश्चर्य असे की, फ्लॅहर्टीला ती वाणी ऐकू येत नव्हती असे नाही. याच मंडळींना घेऊन, त्याच लंडन मुक्कामात, त्याने आयरिश सरकारच्या शिक्षण खात्यासाठी सुमारे ११ मिनिटांचा एक आयरिश बोलपट केला. त्याच्या नावाचा अर्थ ‘कथेची रात्र’. चुलीभोवती माणसे बसली आहेत आणि शानीन टॉम ओ दिरान हा अ‍ॅरनचाच कथेकरी गोष्ट सांगत आहे. ना वादळ, ना मुशी. चूलही स्टुडिओत मांडलेली. (‘रचलेपणा’ हाच दोष मानणाऱ्यांनी हे ध्यानी घ्यावे.) तरीही येथे वाक्य पूर्ण होते आणि ऐकणारा ते पूर्ण होईपर्यंत थांबतो. ज्यांना आपण केवळ सोसणारी माणसे म्हणून पाहिले, ती येथे सांगणारी आणि ऐकणारी होतात.

हा लघुपट दीर्घकाळ नष्ट झाला असे समजले जाई. २०१२ साली त्याची प्रत हार्वर्ड विद्यापीठाच्या संग्रहात आढळली. कलाकृती म्हणून तो ‘मॅन ऑफ अ‍ॅरन’च्या जवळपासही जात नाही, हे मान्यच करावयास हवे. तथापि वर्गात हे दोन्ही चित्रपट दाखवावयाचे झाल्यास लघुपट आधी दाखवावा. मग लाटांत बुडालेल्या त्या आरोळ्या नुसता ध्वनी म्हणून ऐकणे कठीण जाते.