अभ्यासकाच्या घरात आपला कॅमेरा

आपल्या वस्त्यांवर कॅमेरे पुष्कळ आले. इगतपुरी तालुक्यातल्या ठाकर, महादेव कोळ्यांच्या पाड्यांवरही वही-कॅमेरा घेतलेले अभ्यासक येऊन गेले. पण अभ्यासकाच्या घरात शिरून त्याचे म्हातारपण आपल्यापैकी कोणी टिपल्याचे उदाहरण विरळच. सोमनाथ वाघमारे यांच्या 'गेल अँड भरत' या माहितीपटाचे मोल मला वाटते ते यासाठी.

गेल ऑमव्हेट यांचा जन्म १९४१ सालचा, मिनिआपोलिसचा. महाराष्ट्रातल्या ब्राह्मणेतर चळवळीवर त्यांनी १९७३ साली बर्कलीला पीएच.डी. मिळवली. पदवी घेऊन परत जाणारे पुष्कळ असतात. गेलबाई कासेगावच्या झाल्या. १९७६ साली भरत पाटणकरांशी लग्न, १९८३ साली भारताचे नागरिकत्व. सासूबाई इंदुमती पाटणकर प्रतिसरकारच्या लढ्यातल्या. त्या घरात कॅमेरा घेऊन जाणारे वाघमारे त्याच सांगली जिल्ह्यातले, आंबेडकरी तरुण. पाहणारा आणि पाहिला जाणारा यांची जागा इथे बदलली. २५ ऑगस्ट २०२१ रोजी गेलबाई वारल्या. त्यामुळे हे चित्रण आता दस्तऐवजही झाले आहे.

शीर्षकात दोन नावे आहेत, हे मला आवडले. आपले प्रस्थापित चरित्रकार विचारवंताचे घर वगळतात. विचार जणू खुर्चीतच जन्मतो!

परंतु स्नेह्याच्या कॅमेऱ्याला एक धोका असतो. तो हार घालतो. आपल्या चळवळीत फोटो भिंतीवर गेला की वाद संपतो, आणि गेलबाई तर जन्मभर वाद घालीत राहिल्या. शेतकरी संघटनेच्या बाजूने लिहिताना त्यांनी डाव्या मित्रांचा रोष पत्करला. १९९९ साली अरुंधती रॉय यांना खुले पत्र लिहून त्यांनी दुष्काळी शेतकऱ्याला धरणाचे पाणी नको काय, असा मुद्दा मांडला. श्रमिक मुक्ती दलाचा लढा 'आधी पुनर्वसन, मग धरण' आणि समन्यायी पाणीवाटप यांसाठी होता, हे विसरून ते पत्र वाचता येत नाही. तरीही इगतपुरीत ते वाचताना मला अडखळायला होते. दारणा, भावली, वैतरणा ही धरणे इथलीच. वैतरणेचे पाणी मुंबई पिते आणि वरच्या पाड्यांवर उन्हाळ्यात टँकर येतो. माझ्या वर्गात जमिनी बुडालेल्या घरांतली मुले आहेत. माझ्यासारखीच घरातली पहिली कॉलेजात आलेली. गेलबाईंचे म्हणणे त्यांना पटेलच, असे नाही.

हा माहितीपट कॉलेजात दाखवायचा तर मी सोबत ते १९९९ चे पत्रही वाटीन आणि पडदा विझल्यावर आधी या मुलांना बोलू देईन.