संत केव्हिनचा तळहात

या व्याख्यानमालेत आपण सहसा एखादा जाडजूड ग्रंथ समोर ठेवतो. आज आम्ही एक एवढीशी गोष्ट घेऊन आलो आहोत. मूळ लॅटिनमध्ये ती अवघ्या काही ओळींची आहे. पण मुक्या प्राण्यांवरच्या दयेविषयी आपण जे सहज बोलून जातो, ते या गोष्टीच्या कसोटीला लावून बघण्यासारखं आहे. आणि खुद्द गोष्टीलाही आपण तीच कसोटी लावणार आहोत.

गोष्ट आयर्लंडची. डब्लिनच्या दक्षिणेला विकलोचे डोंगर आहेत. त्या डोंगरांत ग्लेनडलॉख नावाचं खोरं आहे. आयरिश भाषेत या नावाचा अर्थ ‘दोन तळ्यांची दरी’. सहाव्या शतकात केव्हिन नावाच्या साधूनं तिथे मठ स्थापला. त्याचा मृत्यू इ. स. ६१८ मध्ये झाला असं परंपरा सांगते. आज तिथे जुन्या चर्चचे अवशेष आहेत, सुमारे ३० मीटर उंचीचा दगडी गोल मनोरा आहे, आणि वरच्या तळ्याच्या कड्यात एक लहानशी गुहा आहे. तिला ‘केव्हिनचं अंथरूण’ म्हणतात.

आता गोष्ट. ईस्टरच्या आधी ख्रिस्ती लोक ४० दिवसांचा उपवासकाळ पाळतात. त्या काळात केव्हिन माणसांपासून दूर, रानातल्या एका झोपडीत राहायला गेला. वाचन, चिंतन, प्रार्थना, एवढाच दिनक्रम. एके दिवशी त्यानं नेहमीच्या सवयीनं खिडकीतून हात बाहेर काढला आणि आकाशाकडे उंचावला. तेवढ्यात ब्लॅकबर्डची एक मादी त्याच्या तळहातावर येऊन बसली. हा पक्षी आपल्या सह्याद्रीत गाणाऱ्या कस्तुराच्या कुळातला. तिनं तो तळहात घरटंच समजून त्यात अंडी घातली. केव्हिननं हात मिटला नाही आणि मागेही घेतला नाही. पिल्लं अंड्यांतून पुरती बाहेर येईपर्यंत त्यानं तो तसाच धरून ठेवला. संपली गोष्ट.

चमत्कार बाजूला ठेवून जरा हिशेब करून बघा. ब्लॅकबर्डची मादी साधारण तीन ते पाच अंडी घालते, रोज एक. मग १३-१४ दिवस उबवते. म्हणजे नुसती पिल्लं फुटायलाच अडीच-तीन आठवडे. ती घरट्याबाहेर पडेपर्यंत थांबायचं म्हटलं तर आणखी दोन आठवडे. या पक्ष्याची वीण मार्चच्या सुमाराला सुरू होते आणि उपवासाचे ४० दिवसही त्याच सुमाराला येतात. गोष्ट रचणाऱ्याला पक्षी ठाऊक होता, असं आम्हांला वाटतं.

आता तत्त्वज्ञानाचा विद्यार्थी या गोष्टीत काय वाचतो? केव्हिननं काय केलं हे गोष्ट फारसं सांगत नाही. काय केलं नाही ते सांगते. मिटला नाही आणि मागे घेतला नाही. हे दोन नकार वेगवेगळे आहेत. हात मिटला असता तर पक्षी त्याचा झाला असता, ती मालकी. हात मागे घेतला असता तर अंडी फुटली असती. तो त्याग म्हणा, बेपर्वाई म्हणा. दया या दोहोंच्या मधली गोष्ट आहे: धरायचंही नाही आणि सोडायचंही नाही. शिवाय हात कुणाकडे पसरला होता? देवाकडे. आणि मागणी आली ती एका पाखराकडून. केव्हिननं प्रार्थना थांबवून पाखराला हाकललं नाही आणि पाखरासाठी प्रार्थनाही मोडली नाही. जो हात देवापुढे होता तोच घरटं झाला. दयेची याहून नेमकी व्याख्या करणं अवघड आहे, हे आम्ही आधीच मान्य करून टाकतो.

पण इथे टाळ्या वाजवून उठलो तर समीक्षा झाली नाही. आपल्याला तीन प्रश्न विचारायचे आहेत.

पहिला: ही गोष्ट लिहिली कुणी? आपल्यापर्यंत ती पोचली वेल्सच्या जेराल्डमुळे. त्याच्या ‘टोपोग्राफिया हिबर्निका’ या ग्रंथात ती येते. ग्रंथ साधारण ११८८ चा, म्हणजे केव्हिननंतर साडेपाचशे वर्षांनी लिहिलेला. जेराल्ड होता कोण? ११६९ पासून आयर्लंडवर ज्या नॉर्मन स्वाऱ्या झाल्या त्यांत त्याचे मामा होते. तो स्वतः ११८५ मध्ये राजपुत्र जॉनबरोबर आयर्लंडला गेला. आणि याच ग्रंथाच्या पुढच्या भागात तो आयरिश लोकांना रानटी, आळशी ठरवतो. जिंकणाऱ्यांना हवं असतं तेच. म्हणजे बघा, या माणसाला आयरिश साधूच्या हातावरचं पाखरू दिसतं, त्याचं मोल कळतं. पण त्या साधूच्या वंशजांकडे वळताना त्याचा स्वतःचा हात मिटतो. मेलेल्या संताचं कौतुक आणि जिवंत माणसाची हेटाळणी एकाच ग्रंथात सुखानं नांदतात.

दुसरा प्रश्न: या केव्हिनची दुसरी गोष्ट कोणती? हिच्याबद्दल पाखराचं चित्र छापणारे बहुधा बोलत नाहीत. केव्हिनच्या लॅटिन चरित्रपरंपरेत एक तरुण मुलगी त्याच्यावर भाळते आणि त्याच्या मागे रानात येते. केव्हिन तिला खाजऱ्या झुडपाच्या फांद्यांनी झोडपतो. ती पश्चात्ताप पावते आणि धर्माला वाहून घेते, असा शेवट. पुढच्या लोककथेत हे आणखी वाढलं. एकोणिसाव्या शतकात थॉमस मूरच्या प्रसिद्ध गीतात तिला कॅथलीन नाव मिळालं, आणि तिथे तर संत तिला कड्यावरून तळ्यात लोटून देतो. कुणी म्हणेल, हे सगळं कपोलकल्पित. असेल. पण पाखराची गोष्ट तरी कुठे पंचनामा करून लिहिली आहे? दोन्ही दंतकथाच. एक घ्यायची आणि दुसरी झाकायची, हा हक्क आपल्याला कुणी दिला?

दोन्ही गोष्टी शेजारी ठेवल्या की एक अडचणीची बाब दिसते. पाखरानं केव्हिनचा हात माणसाचा हात म्हणून निवडला नव्हता. त्याला तो फांदी वाटला. फांदी होणं कष्टाचं असेल, पण त्यात आपलं व्रत धोक्यात येत नाही. ती मुलगी मात्र त्याला माणूस म्हणून ओळखून आली होती. तिला काहीतरी हवं होतं, आणि ‘नाही’ म्हणण्याचा केव्हिनला पूर्ण अधिकार होता. प्रश्न नकाराचा नाहीच. नकार देताना हात कसा वापरला, याचा आहे.

इथे कांटची आठवण होते. नीतिशास्त्रावरच्या आपल्या व्याख्यानांत कांट म्हणतो की जनावरांशी क्रूरपणे वागणारा माणूस माणसांशीही कठोर होतो. म्हणून प्राण्यांवरची दया ही माणसांवरच्या दयेची तालीम आहे. तो लायब्निझचा दाखलाही देतो: निरीक्षणासाठी उचललेला किडा लायब्निझनं जपून परत त्याच्या पानावर ठेवला. विचार चांगला आहे, पण केव्हिनच्या दोन गोष्टी त्याला छेद देतात. तालीम झाली आणि प्रयोग फसला, असंही होतं. कबुतरांना रोज सकाळी दाणे टाकणारा हात महिनाअखेरीला घरकामाच्या बाईंचे खाड्याचे पैसे कापताना जरासुद्धा अडखळत नाही, हे आपण सगळेच बघतो. मुकं प्राणी उलट बोलत नाही, पगार मागत नाही, आपल्या चुका दाखवत नाही. म्हणून त्याच्यावर दया करणं सोपं असतं, निदान काही जणांना.

तिसरा प्रश्न: पिल्लं उडाल्यावर काय? आयरिश गोष्ट पिल्लांपाशी थांबते. आपल्या महाभारतात जवळजवळ हेच चित्र आहे, शांतिपर्वातल्या जाजली मुनीच्या आख्यानात. जाजली तप करत खांबासारखा उभा राहिला. पाखरांच्या एका जोडीनं त्याच्या जटांत घरटं केलं, अंडी घातली. तो हलला नाही. पिल्लं मोठी झाली, उडून जाऊ लागली, संध्याकाळी परतू लागली, आणि शेवटी महिनाभर परतलीच नाहीत. तोवर तो उभा. आणि मग? मग त्यानं दंड थोपटले: ‘मला धर्म साधला!’ लगेच आकाशवाणी झाली की वाराणसीच्या तुलाधाराची सर तुला नाही. तुलाधार म्हणजे दुकानदार, तराजू धरणारा. त्याचा तराजू सगळ्या जीवांना सारखा आहे, एवढीच त्याची साधना. गिऱ्हाईक रोज येतं, बोलतं, घासाघीस करतं. त्याच्याशी तो सरळ वागतो.

दोन परंपरांतला फरक लक्षात घ्या. महाभारतकारानं टीका गोष्टीच्या पोटातच ठेवली: स्थिर राहण्यातूनही अहंकार पिकतो. आयरिश परंपरेत ती टीका गोष्टीबाहेर, कॅथलीनच्या रूपानं उभी आहे, आणि तिला आत घ्यायचं काम वाचकाचं आहे.

मग ही गोष्ट टाकून द्यायची का? नाही. आणि का नाही, हे दाखवणारा वाचक आयर्लंडमध्येच झाला: कवी शेमस हीनी. त्याची केव्हिनवरची कविता १९९६ च्या संग्रहात आहे. पण आम्ही बोलतो आहोत ते १९९५ च्या त्याच्या नोबेल भाषणाबद्दल. त्यात तो केव्हिनची गोष्ट सांगतो, आणि तिच्या आधी उत्तर आयर्लंडमधली १९७६ ची एक घटना सांगतो. कामगारांची एक छोटी बस बंदूकधाऱ्यांनी अडवली. सगळ्यांना रांगेत उभं केलं आणि विचारलं, तुमच्यात कॅथलिक कोण आहे, पुढे या. रांगेत कॅथलिक एकटाच होता, बाकी सारे प्रॉटेस्टंट. सगळ्यांना वाटलं, हे मारेकरी प्रॉटेस्टंट आहेत. काळोखात शेजारच्या प्रॉटेस्टंटनं त्या माणसाचा हात हळूच दाबला: हलू नकोस, आम्ही सांगणार नाही. तरी तो पुढे झालाच. मारेकऱ्यांनी त्याला बाजूला ढकललं आणि गोळ्या घातल्या त्या उरलेल्यांना.

हीनीनं हे दोन हात एका भाषणात आणले ते उगीच नव्हे, असं आमचं मत आहे. केव्हिनचा हात फांदी समजला गेला होता. बसपाशी दाबलेला हात मात्र समोरचा कोण आहे, कुठल्या पंथाचा आहे, आणि आपल्याला याची काय किंमत पडू शकते, हे सगळं ठाऊक असलेला हात होता. तो मिटला नाही, मागेही सरला नाही. केव्हिनच्या दोन नकारांना पुरेपूर अर्थ इथे येतो.

म्हणून आमचा निष्कर्ष असा. केव्हिनची गोष्ट खोटी नाही, अपुरी आहे. दयेचं माप तिनं अचूक दिलं; पण ते माप पाखरावर वापरून ती थांबली. जेराल्डला ते आयरिश माणसांना लावता आलं नाही आणि कथापरंपरेला ते कॅथलीनला लावता आलं नाही. प्राण्यांवर दया करू नका, असं आम्ही मुळीच म्हणत नाही. पाखरू हातावर बसलं तर हात जरूर धरून ठेवा. पण एखादा माणूस काही मागत समोर आला, कदाचित चुकीचं मागत आला, तरी आपला हात काय करतो तिकडे लक्ष असू द्या. गोष्टीची परीक्षा तिथे आहे.

वेळ संपली. तुमचे प्रश्न आता घेऊ.