शालेय कलास्पर्धांतील परीक्षण आणि न्यायालयीन आव्हाने : केरळ कलोत्सवाच्या संदर्भात एक चिकित्सा

प्रस्तावना :
कलेच्या परीक्षणात रसिकतेला स्थान असते आणि रसिकतेत मतभेद अटळ असतात. असे मतभेद न्यायालयात गेले, तर न्यायसंस्थेने नेमके काय तपासावे? केरळमधील शालेय कलोत्सवाच्या आधारे या प्रश्नाची चिकित्सा करणे हा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे.

स्पर्धेची रचना :
1957 साली एर्नाकुलम येथे सुरू झालेला हा उत्सव शाळा, उपजिल्हा, जिल्हा आणि राज्य अशा टप्प्यांनी भरतो. सर्वाधिक गुण मिळविणाऱ्या जिल्ह्यास सुवर्णचषक मिळतो. जिल्ह्यातील प्रथम क्रमांकासच सामान्यतः राज्यस्तरावर प्रवेश असल्याने दुसऱ्या क्रमांकाचा विद्यार्थी अपील समितीकडे आणि तेथे दाद न मिळाल्यास न्यायालयाकडे वळतो. राज्यस्तरावरील श्रेणीस शालान्त परीक्षेतील वाढीव गुण जोडले गेल्याने या ओढीस अधिक बळ मिळाले. 1986 पासून दिले जाणारे 'कलातिलकम्' व 'कलाप्रतिभा' हे किताब पुढे वादांमुळे बंद करावे लागले. अपिले मात्र थांबली नाहीत. 2018 च्या त्रिशूर कलोत्सवात तर बालहक्क आयोगाच्या नावाने बनावट अपील-आदेश सादर झाल्याचे उघडकीस येऊन अटकाही झाल्या.

न्यायालयाची भूमिका व तिची मर्यादा :
संविधानाच्या अनुच्छेद 226 अन्वये उच्च न्यायालय निर्णयाची प्रक्रिया तपासते. मुद्रा, अभिनय वा ताल यांचे पुनर्मूल्यांकन करीत नाही. ही भूमिका योग्यच आहे, कारण रंगमंचावरील सादरीकरण न्यायासनापुढे पुन्हा उभे करता येत नाही. डिसेंबर 2022 मध्ये केरळ उच्च न्यायालयाने अशा याचिका फेटाळताना पालकांनी पाल्याचे अपयश स्वीकारण्याची तयारी ठेवावी, असे सुचविले.

तथापि हा उपदेश अपुरा वाटतो. निकालाशी शालान्त परीक्षेचे गुण जोडल्यावर तो केवळ रसिकतेचा कौल राहत नाही; तो विद्यार्थ्याच्या शैक्षणिक हितावर परिणाम करणारा प्रशासकीय निर्णय ठरतो. अशा निर्णयास कारणे नसावीत, हे पटण्यासारखे नाही. शिवाय काही दिवसांत संपणाऱ्या उत्सवात अंतरिम आदेश हाच प्रत्यक्षात अंतिम निर्णय ठरतो. ज्या कुटुंबास वकिलाचा खर्च परवडतो, त्याच्याच पाल्यास ही दुसरी संधी लाभते. वेशभूषा व शिकवणीच्या खर्चाने आधीच विषम झालेली स्पर्धा त्यामुळे अधिक विषम होते.

परीक्षाविषयक न्यायनिर्णयांचा धडा :
येथे महाराष्ट्राशी निगडित एक दाखला उपयुक्त ठरतो. परितोष भूपेशकुमार शेठ प्रकरणी सर्वोच्च न्यायालयाने 1984 साली महाराष्ट्र राज्य परीक्षा मंडळाची बाजू उचलून धरली व पुनर्मूल्यांकनाचा हक्क नाकारला. 2011 साली आदित्य बंदोपाध्याय प्रकरणात मात्र माहिती अधिकाराखाली स्वतःची तपासलेली उत्तरपत्रिका पाहण्याचा हक्क त्याच न्यायालयाने मान्य केला. म्हणजे परीक्षकाचे मत बदलण्याचा अधिकार न देताही ते मत उघडपणे पाहण्याचा अधिकार देता येतो. कलास्पर्धांना हेच तत्त्व लागू व्हावे.

यावर असा आक्षेप संभवतो की, लेखी कारणांच्या सक्तीने परीक्षक मोजता येणाऱ्या गोष्टींनाच गुण देतील. आक्षेपात तथ्य आहे. म्हणून निकषनिहाय गुणांसोबत परीक्षकाने दोन ओळींचा अभिप्राय लिहावा आणि तो स्पर्धकास त्याच दिवशी मिळावा, इतकीच अपेक्षा ठेवणे इष्ट.

निष्कर्ष :
खटल्यांचे मूळ पालकांच्या हव्यासात जितके आहे, तितकेच एका जागेवर सारे पणाला लावणाऱ्या रचनेत आणि मूक गुणपत्रिकेतही आहे. वाढीव गुणांचा कलास्पर्धेशी असलेला संबंध तोडणे व परीक्षण सकारण करणे, हे दोन उपाय एकत्रच योजावे लागतील. युवक महोत्सवांत परीक्षक म्हणून बसणाऱ्या आपणा प्राध्यापकांनाही हा प्रश्न परका नाही. हरलेल्या विद्यार्थ्यास आपण का हरलो हे कळणे, हा त्याच्या कलाशिक्षणाचाच भाग होय. त्यासाठी त्याला न्यायालयाची पायरी चढावी लागू नये.