सांगणे आणि विसरणे : ‘हार्ट ऑफ अ डॉग’मधील निवेदक

संगीतकार माहितीपटाकडे वळला की त्याच्या चित्रपटात संगीताचाच विस्तार शोधण्याची समीक्षेला सवय आहे. अमेरिकन कलावती लॉरी अँडरसन यांच्या ‘हार्ट ऑफ अ डॉग’ (२०१५) या चित्रपटाबाबत ही सवय दिशाभूल करते. येथे प्रश्न संगीताचा नसून कथनाच्या विश्वासार्हतेचा आहे.

अँडरसन यांचे ‘ओ सुपरमॅन’ हे गीत १९८१ मध्ये प्रथम एका लहान स्वतंत्र कंपनीने काढले आणि ते ब्रिटनच्या यादीत दुसऱ्या स्थानापर्यंत गेले. त्याआधी, १९७७ च्या सुमारास, त्यांनी एक वेगळे व्हायोलिन घडवले होते. त्याच्या गजावर केसांऐवजी ध्वनिमुद्रित फीत होती आणि घोडीवर फीत वाचणारे यंत्र. गज उलटा फिरला की वाक्य उलटे ऐकू येई. मुद्रित शब्दाचा अर्थ तो हाताळणाऱ्या हातावर अवलंबून असतो, हे भान त्यांना कॅमेऱ्याने दिलेले नाही; ते या वाद्यातच होते.

चित्रपटाचा वरवरचा विषय लोलाबेल या कुत्रीचा मृत्यू हा आहे. आईचे निधन, ११ सप्टेंबर २००१ नंतरची पाळत, मृत्यू व पुनर्जन्म यांमधील एकोणपन्नास दिवसांची तिबेटी कल्पना हे सारे एकाच शांत आवाजात गुंफले जाते. परंतु या आवाजावरचा आपला विश्वास एका प्रसंगाने ढळतो. बालपणी उंचावरून उडी मारताना पोहण्याचा तलाव चुकला, पाठ मोडली आणि रुग्णालयात दीर्घ काळ काढावा लागला, ही हकीकत निवेदिका वर्षानुवर्षे रंगवून सांगत आली आहे. एकदा सांगताना तिला उमगते की त्याच कक्षात भाजलेली मुले होती, रात्री त्यांचे रडणे ऐकू येई, आणि कहाणीने नेमके तेच गाळले होते. कथन स्मृतीचे जतन करते, हे आत्मकथनाचे गृहीतकच येथे उलटते: प्रत्येक कथनागणिक अनुभव थोडा अधिक विसरला जातो.

मग या कबुलीचे काय? तीही आता एक घाटदार कहाणी झाली आहे. ती मुले अनामच राहतात. त्यांचे रडणे निवेदिकेच्या आत्मशोधाचा टप्पा ठरते. हा आक्षेप टाळता येत नाही, आणि चित्रपटाकडे त्याचे पूर्ण उत्तर नाही.

मात्र दुसरे एक मौन लक्षात घ्यावे लागते. अँडरसन यांचे पती, गायक लू रीड, २०१३ मध्ये निवर्तले. चित्रपट त्यांना अर्पण केलेला आहे, अखेरीस त्यांचे गीत वाजते. पण त्यांच्या मृत्यूची कहाणी निवेदनात येत नाही. चित्रपटाचाच नियम लावला तर न सांगितलेले हे दुःख विसरण्यापासून वाचवलेले आहे.

अशा रीतीने संहितेत दोन मौने शेजारी नांदतात: एक कहाणीने दडपलेले, दुसरे कहाणीपासून राखलेले. दोन्ही सारखीच निःशब्द आहेत. त्यांतील फरक मात्र नैतिक आहे. तो निवेदिका करून देत नाही, प्रेक्षकालाच करावा लागतो. आत्मकथनाच्या अभ्यासकाने या चित्रपटाकडून घ्यावयाचा धडा हाच: निवेदकाने काय गाळले एवढेच विचारून भागत नाही, कोणासाठी गाळले हेही विचारावे लागते.