निर्मातीची नजर

मराठी चित्रपटाच्या समीक्षकांनी दिग्दर्शकाची शैली, नटाचा अभिनय आणि संगीतकाराच्या चाली यांवर जेवढी शाई खर्च केली, तिचा शतांशही निर्मात्याच्या वाट्याला आला नाही. कारण भांडवल उभे करणे, कर्जाची मुदत सांभाळणे, वितरकाशी करारनामा करणे ही कामे जमाखर्चाच्या वहीतली, कलेशी त्यांचा संबंध दूरचा, अशी आपल्याकडे रूढ समजूत आहे. वस्तुतः कोणती कथा पडद्यावर जावी, ती कोणाच्या हाती सोपवावी आणि तिच्यासाठी किती झीज सोसावी, हे तिन्ही निर्णय निर्मात्याचे असतात, आणि एखाद्या काळाची चित्रपटविषयक अभिरुची बव्हंशी याच निर्णयांतून घडते. स्मिता तळवलकर (१९५४–२०१४) यांच्या कारकिर्दीचा विचार या दृष्टीने व्हावयास हवा.

१९२९ साली कोल्हापुरात स्थापन झालेल्या आणि १९३३ मध्ये पुण्यास आलेल्या ‘प्रभात’मध्ये निर्मिती ही सबंध संस्थेची जबाबदारी होती. ती व्यवस्था मोडल्यावर मराठी निर्माता एकाकी झाला. सत्तरच्या दशकातील करपरताव्याच्या सरकारी योजनेने त्याला काही आधार दिला खरा. परंतु ‘धूमधडाका’ (१९८५) आणि ‘अशी ही बनवाबनवी’ (१९८८) यांच्या अपूर्व यशानंतर विनोद हेच भांडवलाचे एकमेव खात्रीचे तारण आहे, असा व्यवसायाचा दृढ ग्रह होऊन बसला. त्या चित्रपटांची कारागिरी उत्तम होती, हे नमूद करणे न्यायाचे आहे. त्यांच्या अनुकरणांविषयी मात्र तसे म्हणवत नाही.

अशा समयी, मुंबई दूरदर्शनवर बातम्या देणाऱ्या म्हणून घरोघर परिचित झालेल्या आणि चित्रपटांत भूमिका करू लागलेल्या स्मिताबाईंनी ‘अस्मिता चित्र’तर्फे १९८९ मध्ये ‘कळत नकळत’ पडद्यावर आणला. दिग्दर्शन कांचन नायक यांचे. विषय परस्त्रीत गुंतलेल्या पतीचा, दुखावलेल्या पत्नीचा आणि दोघांमध्ये भांबावलेल्या मुलांचा. विक्रम गोखले, सविता प्रभुणे आणि अश्विनी भावे यांच्या जोडीला त्यांनी अशोक सराफ यांना घेतले, आणि येथेच निर्मातीची नजर दिसते. कारण ज्या नटाच्या नावावर प्रेक्षक हसण्यासाठी तिकीट काढीत होता, त्याच नटाच्या मायाळू, मिस्कील वावराचा हात धरून तो प्रेक्षक एका मोडू पाहणाऱ्या संसाराच्या दुःखापर्यंत पोहोचला. बाजाराचे मागणे झिडकारण्यापेक्षा ते आपल्या कामी लावणे हे अधिक अवघड असते. सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार त्या कृतीला मिळाला.

‘चौकट राजा’ (१९९१) हे मात्र माझ्या मते त्यांचे सर्वांत धाडसी पाऊल. बालपणीच्या अपघाताने बुद्धीची वाढ खुंटलेल्या नंदूची भूमिका दिलीप प्रभावळकरांकडे, म्हणजे ज्यांना दूरदर्शनच्या प्रेक्षकाने चिमणराव म्हणून डोक्यावर घेतले होते त्यांच्याकडे, सोपवणे यात हसे होण्याचा धोका उघड होता. प्रभावळकरांनी त्या देहबोलीत करुणेची भीक कोठेही मागितली नाही; सुलभा देशपांडे यांच्या आईने मायेबरोबर थकवाही दाखवला; आणि कथेने त्या मुलाला चमत्काराने बरे करण्याचा मोह आवरला. बालमैत्रीण मीनल स्वतः साकारून स्मिताबाईंनी आणखी एक जोखीम पत्करली, कारण विवाहित स्त्रीच्या निष्कपट स्नेहाकडे संशयाने पाहणारा समाज हाही त्या चित्रपटाचा विषय होता.

या चित्रपटापासून दिग्दर्शक संजय सूरकर त्यांच्यासमवेत आले आणि टिकले. आनंद मोडक यांचे संगीत तर ‘कळत नकळत’पासूनच होते. दर चित्रपटाला नवी मोट बांधणाऱ्या आपल्या व्यवसायात माणसे अशी जपणे हीच एक निर्मितिकला होय. तिचे परिपक्व फळ म्हणजे ‘तू तिथे मी’ (१९९८). मुलांच्या सोयीसाठी ताटातूट झालेल्या वृद्ध दांपत्याचा विषय राजा परांजपे यांनी ‘ऊन पाऊस’मध्ये १९५४ सालीच हाताळला होता, परंतु तेथे वेदना अग्रभागी होती, तर मोहन जोशी आणि सुहास जोशी यांच्या या जोडप्याला उतारवयातील प्रेमाचा हक्क मिळाला. त्यालाही राष्ट्रीय पुरस्कार लाभला. मधल्या काळात ‘सवत माझी लाडकी’ (१९९३) त्यांनी स्वतः दिग्दर्शित केला.

पुढे कौटुंबिक प्रेक्षक चित्रगृह सोडून घरच्या पडद्यासमोर बसू लागला, तेव्हा त्याच्यामागे त्याही गेल्या. मृणाल कुलकर्णी यांची ‘अवंतिका’ ही अल्फा मराठीवरील मालिका पतीच्या प्रतारणेनंतर स्वतःच्या पायावर उभी राहणाऱ्या स्त्रीची होती. म्हणजे ‘कळत नकळत’चाच प्रश्न, आता स्त्रीच्या बाजूने तडीस नेलेला. तथापि मालिकेच्या अपरिहार्य लांबणीने त्या प्रश्नाची धार कमी झाली, हेही मान्य केले पाहिजे. तसेच ‘सातच्या आत घरात’ (२००४) मध्ये तरुणींच्या सुरक्षिततेविषयीची तळमळ खरी असूनही संवादांनी दृश्यांवर अंमल बसवला. त्यांचे सारे विश्व नोकरदार मध्यमवर्गाचे. गावकूस, कामकरी वस्ती, जातीचा दाह यांना त्यात जवळजवळ प्रवेश नाही. त्याच वर्षी ‘श्वास’ने निराळी वाट मोकळी केली, आणि तिच्यावरून आलेल्या पिढीने ही उणीव पुष्कळ अंशी भरून काढली.

परंतु या नव्या काळात पटकथा प्रथम वाचणारा कोण, हा प्रश्न बिकट झाला आहे. वाहिन्या आणि मोठ्या कंपन्या निर्मितीत उतरल्याने पैशाची चणचण पूर्वीइतकी जाचत नाही, ही इष्टापत्तीच. मात्र प्रक्षेपणाच्या हक्कांचा हिशेब आधी मांडून मग कथा निवडली जाते, तेव्हा नंदूसारख्या पात्राची बाजू घेऊन अखेरपर्यंत झगडेल असे एक माणूस त्या बैठकीत असावे लागते. सूरकर २०१२ मध्ये गेले, स्मिताबाई २०१४ मध्ये; आज श्रेयनामावलीत निर्माते म्हणून चार-पाच नावे एकदम येतात, आणि त्यांपैकी कथा कोणी निवडली, हे चित्रपट पाहून ओळखता येत नाही.